काळात बिघाड झालाय हे दुरुस्त करणाऱ्याला कळतं कसं?

घटिकापात्र

एक कथा लिहायला घेतली आणि सुरुवातीलाच गाडी अडली. म्हटलं इथल्या जाणकारांना कामाला लावावं.

मामला नेहमीचाच. काळाला कुठेतरी भेग पडते, तिच्यातून कुणीतरी मागे जाऊन नको ते करून ठेवतं, आणि ते निस्तरायला एक खातं असतं. भेगा शोधायच्या, नोंदवायच्या, बुजवायच्या. असल्या कथांत मला भेगांपेक्षा ती खात्यातली माणसंच जास्त भावतात. दमलेली, साहेबावर वैतागलेली, वर्षानुवर्षं रजा न मिळालेली. माझी नायिका त्यांच्यातलीच एक, नोंदणी विभागातली.

घोडं पेंड खातंय ते इथे. समजा कुणी मागे जाऊन एक लढाई फिरवली. तिथून पुढचं सगळं बदललं. पुस्तकं बदलली, पुतळे बदलले, माझ्या नायिकेने शाळेत पाठ केलेल्या सनावळ्या बदलल्या, तिच्या कपाटातली फाईलसुद्धा बदलली. तिच्या लेखी सगळं जिथल्या तिथे आहे. मग तिच्या टेबलावरचा फोन वाजेलच कशाला? बिघाड झालाय हे ज्याला समजेल असा माणूस शिल्लक राहतो कुठे?

'त्यांच्याकडे एक यंत्र असतं, त्यावर लाल दिवा लागतो' हे उत्तर नको. दिवाही त्याच काळात टांगलेला असतो.

रिकामटेकडा

लाल दिव्यावर एवढा राग? हिरवा लावा मग. (हलकं घ्या.)

सानिका_क

आयझॅक आसिमोव्हच्या 'द एंड ऑफ इटर्निटी'त (१९५५) याला सरळ उत्तर आहे: खात्याचं ऑफिसच काळाच्या बाहेर. तिथे बसलेल्यांना आतल्या बदलांची झळ लागत नाही, म्हणून दप्तरात जुनी नोंद शाबूत राहते.

तिथली कामाची वाटणी बघण्यासारखी आहे. निरीक्षक जाऊन बघून येतात, हिशोबनीस गणित मांडतात, आणि प्रत्यक्ष बदल करायला तंत्रज्ञ जातो. बदल तरी केवढा? फळीवरचा एक डबा उचलून दुसऱ्या फळीवर ठेवायचा. किंवा एखाद्याच्या गाडीचा क्लच अडकवून ठेवायचा, म्हणजे तो पोरगा एका व्याख्यानाला पोचत नाही, त्या विषयाकडे वळत नाही, आणि पुढे कधीतरी होऊ घातलेलं युद्ध होतच नाही. कमीत कमी ढवळाढवळ, जास्तीत जास्त फरक.

मला सगळ्यात आवडलं ते हे की बाकीचे कर्मचारी या तंत्रज्ञाशी धड बोलतसुद्धा नाहीत. निर्णय सगळ्यांचा, पण हात त्याचा लागलेला, म्हणून पाप त्याच्या माथी. ज्याने कुठल्याही ऑफिसात चार दिवस काढलेत त्याला हे सांगायला नको.

तर तुमच्या नायिकेला तिथे एक टेबल द्या, प्रश्न मिटला.

प्रतिप्रश्न

सानिका, कादंबरी मलाही आवडते, पण 'काळाच्या बाहेर' ही शुद्ध पळवाट आहे. त्या ऑफिसातली माणसं म्हातारी होतात, त्यांना बढत्या मिळतात, कालची मीटिंग आज आठवते. म्हणजे तिथेही आधी-नंतर आहेच. बाहेर कसलं, तो दुसरा काळ झाला. त्याला भेग पडली तर कोण बघणार? त्याच्याबाहेर आणखी एक ऑफिस? आणि त्याच्या बाहेर?

घटिकापात्र

@प्रतिप्रश्न, अगदी हेच. शिवाय माझ्या नायिकेला मी काळाबाहेर बसवली की ती सुरक्षित झाली. मग तिचं पणाला लागतं काय?

नंतरचा_मी

लंबक यांच्या ग्रहणाच्या मुद्द्याला +१. धागा वसूल.

लंबक

अहो मी आत्ता येतोय! अजून एक अक्षर लिहिलेलं नाही. कसलं ग्रहण?

नंतरचा_मी

अरेच्चा. लवकर पोचलो वाटतं. चालू द्या.

मुकादम

काळाबाहेरच्या ऑफिसचा विषय निघालाच आहे तर 'लोकी' मालिकेचं दुसरं पर्व (२०२३) बघाच. काळाचा कारभार बघणारं अवाढव्य खातं, आणि त्याचा दुरुस्ती विभाग म्हणजे तळघरात बसलेला एकुलता एक माणूस. शेकडो वर्षं त्याच्याकडे कुणी फिरकलेलं नाही. खात्याची जाडजूड नियमावली त्यानेच लिहिलेली. वर न्यायाधीश, शिपाई, हत्यारं, सगळा लवाजमा. खाली सगळ्या यंत्रांची किल्ली एका माणसाकडे. मला तर तो माहितीपटच वाटला.

रिकामटेकडा

मुकादम, जखमेवर मीठ चोळू नका. मीही तळघरातलाच आहे.

वाचनवेडी

आपल्या नारळीकर सरांना विसरलात होय? 'गंगाधरपंतांचे पानिपत' घ्या. प्राध्यापक गायतोंडे अपघातानंतर अशा इतिहासात जाऊन पडतात जिथे मराठे पानिपत जिंकलेत. परत आल्यावर कोण विश्वास ठेवणार? पण त्यांच्याकडे तिथल्या बखरीचं एक फाटलेलं पान उरलेलं असतं. आपल्या इतिहासात १४ जानेवारी १७६१ला विश्वासरावांना गोळी लागली आणि सैन्याचा धीर सुटला. त्या पानावर गोळी कानाजवळून निघून जाते. तिळभर अंतराने.

कथेत एवढं एक पान सगळं काम करतं. लाल दिवा नाही, काळाबाहेरचं ऑफिस नाही. तिकडची वस्तू इकडे आली आणि इकडच्या वस्तूंशी जुळेना, बस्स. घटिकापात्र, तुमच्या बाईंच्या कपाटातही एखादं न जुळणारं पान निघू दे की.

प्रतिप्रश्न

वाचनवेडीताई, पान छानच, पण गायतोंडे ते स्वतः घेऊन आले. दोन्ही इतिहास बघितलेला माणूस हजर आहे म्हणून त्या पानाला अर्थ आला. नुसतं पान सापडलं असतं तर आपण काय म्हटलं असतं? बखरकाराने थाप मारली.

शिवाय तिथे दोन्ही जगं आपापल्या जागी राहतात. कुणी कुणाला पुसत नाही, त्यामुळे दुरुस्त करायला काही उरतच नाही. घटिकापात्र यांच्या कथेत एकच जग आहे आणि ते पुसलं जातंय.

वाचनवेडी

हे मात्र खरं. तरी पान ठेवा हो कथेत. मला पान आवडतं.

दुर्बीण

भौतिकशास्त्राकडून थोडं. इथे सगळे गृहीत धरताहेत की भूतकाळ बदलतो. १९८०च्या दशकात नोविकोव्ह या रशियन शास्त्रज्ञाने मांडलेलं तत्त्व म्हणतं की मागे जायला वाट असलीच, तरी तिथे घडेल ते आधीपासूनच्या इतिहासाशी सुसंगतच घडेल.

पोल्चिन्स्की या भौतिकशास्त्रज्ञाने यावर एक नामी कोडं घातलं होतं. बिलियर्डचा चेंडू काळातून आरपार जाणाऱ्या अशा विवरात सोडायचा की तो थोडा आधीच्या वेळेला दुसऱ्या तोंडातून बाहेर पडेल आणि आत शिरू पाहणाऱ्या स्वतःलाच धडक देऊन वाटेवरून उडवून लावेल. मग तो आत गेलाच कसा? १९९१मध्ये भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि त्याच्या सहकाऱ्यांनी दाखवलं की याला सुसंगत उत्तरं आहेत. बाहेर आलेला चेंडू स्वतःला दणका देत नाही, ओझरता घासून जातो. त्या घासण्याने पहिल्या चेंडूची दिशा किंचित बदलते, किंचित तिरका तो आत शिरतो, म्हणून किंचित तिरकाच बाहेर येतो आणि म्हणूनच ओझरता घासतो. वर्तुळ पूर्ण.

म्हणजे खात्याची गरजच नाही. निसर्ग आपलं आपण निभावतो. हॉकिंगने १९९२च्या लेखात त्यापुढे जाऊन असलं कालयंत्र निसर्ग बनूच देत नसावा असं म्हटलं, आणि गमतीत 'कालक्रम संरक्षण खातं' असाच शब्दप्रयोग केला. इतिहासकारांनी निश्चिंत राहावं म्हणे.

रिकामटेकडा

त्याच हॉकिंगने कालप्रवाशांना मेजवानी दिली होती ना? २८ जून २००९ला केंब्रिजमध्ये. आमंत्रणं मुद्दाम मेजवानी उरकल्यावर जाहीर केली. एकही पाहुणा फिरकला नाही.

खात्याने सगळ्यांची रजा नामंजूर केली असणार.

सानिका_क

दुर्बीण, ओझरता चेंडू लाजवाब. पण गोष्ट म्हणून बघा. 'काही केलं तरी काही बदलत नाही' यात पात्राने करायचं काय? फार तर शेवटी त्याला कळतं की आपण निस्तरायला आलो तेच मुळात आपण घडवलेलं होतं. हा शेवट आता इतका वापरून झालाय की दुसऱ्या पानावरच वास येतो.

दुर्बीण

वास येतो हे मान्य. पण तो गणिताचा दोष नाही, लेखकांचा आहे.

खिडकीपाशी

इतकं लांब कशाला जायचं? आपल्याकडे ककुद्मीची गोष्ट आहे. राजा लेक रेवतीला घेऊन ब्रह्मदेवाकडे गेला, तिच्यासाठी स्थळ विचारायला. तिथे गाणं चालू होतं म्हणून जरा थांबला. गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून म्हणाले, तू मनात धरलेली स्थळं केव्हाच गेली, खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. भागवतात आहे.

प्रतिप्रश्न

खिडकीपाशी, गोष्ट झकास, पण हा बिघाड नव्हे. वरचं घड्याळ हळू, खालचं जलद, दोन्ही आपापल्या जागी बरोबर. आणि ब्रह्मदेवांनी दुरुस्तीचं नावसुद्धा काढलं नाही. जा, बलरामाला दे म्हणाले. याला म्हणतात अनुभवी अधिकारी.

बिनतारी

बराच वेळ नुसता वाचत होतो. पण काळ दुरुस्त करणारी माणसं खरोखर असतात, आणि मी त्यांच्या उतरंडीत अगदी तळाशी आहे, म्हणून लिहितो.

पृथ्वीचं फिरणं अणुघड्याळाइतकं काटेकोर नाही. दोघांत फार अंतर पडू नये म्हणून १९७२पासून अधूनमधून एक जादा सेकंद घालतात. आतापर्यंत २७ घातले, शेवटचा ३१ डिसेंबर २०१६ला. त्या रात्री घड्याळात २३:५९:५९ नंतर २३:५९:६० येतं आणि मग ००:००:००. तो साठावा सेकंद लॉगमध्ये डोळ्यांनी बघणं हा विचित्र अनुभव आहे. तिथे काहीच असायला नको आणि ओळ तर छापलेली असते.

३० जून २०१२च्या जादा सेकंदाने जगभरात लिनक्स प्रणालीवर चालणाऱ्या बऱ्याच सर्व्हरांचा गोंधळ उडाला. आत खोलवर एक हिशोब एका सेकंदाने चुकला. 'अमुक क्षण उलटला का?' असं विचारत झोपणारे प्रोग्रॅम लगेच जागे व्हायचे, पुन्हा झोपायचे, पुन्हा जागे. प्रोसेसर शंभर टक्क्यांवर. मी तेव्हा रात्रपाळीला होतो, कंपनीचं नाव घेत नाही. साहेब रीस्टार्टच करायचं म्हणून हटून बसले होते. खरा उपाय ऐकून तुम्हाला हसू येईल: घड्याळात जी वेळ दिसतेय तीच पुन्हा भरायची. एका ओळीची आज्ञा. वेळ तसूभरही न बदलता वेळ दुरुस्त होते.

काही मोठ्या कंपन्या आता तो सेकंद एका जागी घालतच नाहीत. चोवीस तासांत पसरवतात, प्रत्येक सेकंद नखाएवढा लांब करून. भेग बुजवण्यापेक्षा ताण वाटून टाकायचा. २०३५पर्यंत ही जादा सेकंदाची पद्धत गुंडाळायचं २०२२मध्ये ठरलंय, तेव्हा आमच्यासारख्यांचा शेवटचा थरारही जाणार.

मुकादम

दिसतेय तीच वेळ पुन्हा भरायची! हे कथेत घेतलं तर लोक म्हणतील लेखकाला काही सुचलं नाही.

घटिकापात्र

बिनतारी, ताण वाटून टाकायची कल्पना मी ढापतेय. पण मूळ प्रश्न राहतोच. तुम्हाला जादा सेकंद घाला हे वरून कळतं. त्या वरच्यांना कसं कळतं की घड्याळ चुकलंय? कुठल्या घड्याळाशी ताडून?

बिनतारी

ताई, तिथेच तर गंमत आहे. खरं घड्याळ असं कुठे ठेवलेलंच नाही. जगभरच्या प्रयोगशाळांतली चारशेहून जास्त अणुघड्याळं आपापली वेळ पॅरिसजवळच्या एका आंतरराष्ट्रीय संस्थेकडे पाठवतात. तिथे त्यांची सरासरी काढतात, सगळ्यांना सारखं वजन न देता. जे घड्याळ सातत्याने अंदाजाप्रमाणे वागतं त्याचा शब्द जास्त मोलाचा, भरकटणाऱ्याचा कमी. मग महिन्याच्या हिशोबाचं पत्रक निघतं: मागच्या महिन्यात तुमचं घड्याळ इतके नॅनोसेकंद पुढे होतं, तुमचं इतके मागे. नेमके किती वाजले होते हे नंतर ठरतं.

म्हणजे एकटं घड्याळ आपण चुकलोय हे कधीच सांगू शकत नाही. बरीच लागतात, एकमेकांपासून लांब, एकमेकांच्या नादी न लागणारी.

लंबक

नंतरचा_मी यांनी उगाच ग्रहण ग्रहण केलं आणि डोक्यात किडा शिरला, म्हणून जुनी टिपणं काढली. बिनतारींच्या मुद्द्याला लागूनच आहे.

इ.स.पू. १३६मध्ये, १५ एप्रिलला बॅबिलोनमध्ये खग्रास सूर्यग्रहण दिसलं. तिथल्या ज्योतिष्यांनी ओल्या मातीच्या पाटीवर वेळेसकट टिपून ठेवलं, ती पाटी आज उपलब्ध आहे. आता पृथ्वी तेव्हापासून आजच्याच वेगाने फिरत आली असं धरून उलटं गणित केलं, तर सावलीचा पट्टा बॅबिलोनवर पडतच नाही. तो जातो कुठल्या कुठे, पश्चिम भूमध्य समुद्रावर. पाटी तर बॅबिलोनची. मग चुकलं कोण? पृथ्वी. ती मंदावत आली आहे, दिवस शतकाला दोनएक मिलिसेकंदाने लांबतोय, आणि एवढंएवढंसं साचून दोन हजार वर्षांत काही तासांचा फरक पडलाय.

एका कारकुनाने मातीवर ओढलेल्या रेघा, आणि त्यांनी अख्ख्या ग्रहाची चूक पकडली. तुमच्या नोंदणी विभागातल्या बाईंनी हे वाचलं तर त्यांची छाती फुगेल.

नंतरचा_मी

बघा, म्हणालो नव्हतो?

प्रतिप्रश्न

थांबा थांबा. लंबक म्हणतात, ग्रहणाचा मुद्दा नंतरचा_मी यांच्यामुळे सुचला. नंतरचा_मी यांना तो माहीत होता कारण त्यांनी लंबक यांचा प्रतिसाद वाचला होता. मग मुद्दा सुचला कुणाला?

दुर्बीण

कुणालाच नाही. सुसंगत आहे, सबब कायदेशीर आहे. ओझरता चेंडू.

संपादक

सदस्यांनी अजून न आलेल्या प्रतिसादांना उत्तरं देऊ नयेत. धाग्याचा क्रम बिघडतो.

शंकेखोर

इतिहासात घोळ असल्याचं खऱ्या जगातही म्हणतात. हेरिबर्ट इलिग या जर्मन गृहस्थाने १९९१मध्ये मांडलंय की इ.स. ६१४ ते ९११ ही वर्षं घडलीच नाहीत, नंतर कागदोपत्री घुसडली. असं असेल तर दुरुस्ती खात्याला प्रचंड काम!

लंबक

शंकेखोर, तो सिद्धांत ग्रहणांवरच आपटतो. सलग वर्षं धरून मोजलं की जुनी नोंदलेली ग्रहणं जागेवर बसतात, तीनशे वर्षं काढली की विस्कटतात.

आणि झाडं आहेत ना. दरवर्षी एक कडं. जुन्या-नव्या लाकडांची कडी एकमेकांना जुळवत मागे जायचं. २०१२मध्ये मियाके या जपानी संशोधिकेने जपानी सीडरच्या कड्यांत दाखवलं की इ.स. ७७४-७७५ला किरणोत्सारी कार्बन एकदम उसळलाय. मग तीच उसळी जगभरच्या झाडांत सापडली, त्याच कड्यात. हे वर्ष तुमच्या गायब तीनशेच्या मधोमध येतं. कागद घुसडता येईल, पण निरनिराळ्या खंडांवरच्या झाडांत कडी कशी घुसडणार?

अशीच दुसरी उसळी इ.स. ९९३ची. कॅनडात न्यूफाउंडलँडला व्हायकिंगांनी धातूच्या हत्याराने तोडलेली लाकडं मिळाली. संशोधकांनी त्या कड्यापासून सालीपर्यंत मोजलं, अठ्ठावीस भरली. म्हणजे झाड तोडलं १०२१ला. हे २०२१मध्ये प्रसिद्ध झालं, बरोब्बर हजार वर्षांनी.

प्रतिप्रश्न

लंबक, तुमच्या पाट्या, झाडं, सगळं मंजूर. पण ते आपल्या जगात. घटिकापात्र यांच्या कथेत भूतकाळच फिरला की झाडाची कडीसुद्धा नव्या इतिहासाचीच उगवणार. सगळे साक्षीदार एकाच सुरात खोटं बोलतील, आणि ते खोटंही नसेल. आपण पुन्हा पहिल्या चौकात.

सानिका_क

मला एक आठवलं. पॉल अँडरसनची 'डेलेंडा एस्ट', तीही १९५५चीच. काय साल होतं! त्यातल्या कालगस्तवाल्यांचं विश्रामगृह हिमयुगातल्या पिरेनीज डोंगरात आहे. दोघे तिथे रजेवर गेलेले. तिथून १९६०च्या न्यूयॉर्कला येतात तर न्यूयॉर्कच नाही, भलतंच शहर. कुणीतरी मागे जाऊन रोम-कार्थेज युद्धात रोमच्या दोन्ही सिपिओ सेनानींना मारलंय, कार्थेजचा हॅनिबल जिंकलाय, पुढचा सगळा युरोप निराळा झालाय.

यांना का कळलं? कारण बदल झाला त्याच्याही मागे हे दोघे होते. बदलाची लाट पुढे गेली, मागे आली नाही. काळाच्या बाहेर जायची गरज नाही, फक्त पुरेसं मागे असायला हवं.

रिकामटेकडा

म्हणजे रजा न देणाऱ्या खात्याला बिघाड कधीच कळणार नाही? हा धागा मी छापून साहेबांच्या टेबलावर ठेवतोय.

बिनतारी

सानिका, मस्तच! याच्यापुढे मी सांगतो. एक विश्रामगृह कशाला, चौक्यांची रांगच लावा. दर काही शतकांनी एक, पार हिमयुगापर्यंत. प्रत्येक चौकीत सुरुवातीलाच एक ग्रंथ ठेवलेला: मूळ इतिहास. कुठेतरी भेग पडली की तिच्या अलीकडच्या, म्हणजे जुन्या काळातल्या चौक्यांत मूळ ग्रंथ राहणार, पलीकडच्या चौक्यांत बदललेला. आता चौक्यांनी एकमेकींना ग्रंथाची एक ओळ वाचून दाखवायची. जिथे दोन शेजारच्या चौक्यांची ओळ जुळत नाही, भेग त्या दोघींच्या मध्ये.

आम्ही प्रोग्रॅममध्ये बिघाड कुठल्या बदलाने आला ते असंच शोधतो. हजार बदल असतील तर मधला तपासायचा. तो चांगला असेल तर दोष पुढच्या अर्ध्यात, नसेल तर मागच्या. दहाएक तपासण्यांत गुन्हेगार हातात.

घटिकापात्र

बिनतारी, थांबा, मला हे बसून वाचू दे.

प्रतिप्रश्न

मलाही पटलं, दुर्मीळ प्रसंग आहे, नोंद घ्या. फक्त एक. सगळ्यात मागच्या चौकीच्याही मागे भेग पडली तर सगळे ग्रंथ एकसाथ बदलतील आणि सगळ्या ओळी छान जुळतील. खातं म्हणेल सर्व कुशल. तशी एखादी पडून गेलीही असेल.

वाचनवेडी

हे तांत्रिक झालं, पण मला त्या पलीकडच्या चौकीतल्या माणसांचं वाईट वाटतंय. त्यांचा ग्रंथ बदललाय, आठवणीही बदलल्या आहेत. त्यांच्यापुरतं त्यांचंच खरं आहे. उद्या मागच्या चौकीतून कुणीतरी अनोळखी सांगणार, तुमची ओळ चुकली, तुमचं जग दुरुस्त करतोय. सानिका, त्या अँडरसनच्या कथेत शेवटी काय होतं?

सानिका_क

शेवट फोडते, ज्यांना नको त्यांनी पुढचा प्रतिसाद वाचा. ते दोघे मागे जाऊन इतिहास पूर्ववत करतात. कार्थेजवालं ते अख्खं जग, शहरं, भाषा, कोट्यवधी माणसं, मुळी झालंच नाही असं होतं. त्या जगातली एक बाई तेवढी यांच्याबरोबर असल्यामुळे वाचते. तिचं गाव कधी नव्हतंच अशा जगात तिला राहायचंय. खात्याच्या लेखी काम फत्ते.

मुकादम

'प्रायमीव्हल' मालिकेत (२००७) उलटं होतं. हवेत काचेच्या कपच्या तरंगाव्यात अशा त्या भेगा, आत डायनासोर वगैरे. पहिल्या पर्वाच्या शेवटी प्राध्यापक कटर भेगेतून परत येतो आणि आपल्या सहकारी बाईंबद्दल विचारतो, तर सगळे म्हणतात कोण ही? या नावाचं इथे कुणीच नाही. ती होती हे आठवणारा तो एकटा. डायनासोरांपेक्षा मला तो प्रसंग जास्त लागला. खातं त्याच्या बाजूने उभंसुद्धा राहू शकत नाही, कारण त्यांच्या दृष्टीने हरवलेलं काहीच नाही.

दुर्बीण

म्हणजे 'दुरुस्ती' हा शब्द ज्याच्या हातात जुना ग्रंथ आहे त्याचा. भौतिकशास्त्रात कुठल्या इतिहासाला मूळ म्हणायचं याला काही आधार नाही.

घटिकापात्र

झालं, सापडलं.

मी नायिकेला चुकीच्या बाजूला शोधत होते. तिला बिघाड कळायला हवा असं धरून बसले होते, म्हणून तिला काळाबाहेर ने, तिची आठवण शाबूत ठेव, असली कसरत चालली होती. ती पलीकडच्या चौकीत आहे. तिला काहीही कळलेलं नाही. तिच्या लेखी तिचा इतिहास, तिची आई, तिची फाईल, सगळं अस्सल. फोन वाजतो तो मागच्या चौकीतून. एक थकलेला माणूस विचारतो, तुमच्या ग्रंथातल्या अमुक पानावरची ओळ वाचता का? ती वाचते. पलीकडे बराच वेळ कुणी बोलत नाही. नोंदणी विभागात इतकी वर्षं काढलेली बाई आहे, त्या गप्प बसण्यावरूनच तिला कळतं की भेगेच्या कुठल्या बाजूला आपण आहोत. नियम असा की पुढच्या चौकीला विचारून त्या ओळीची खात्री करायची आणि भेगेचा पत्ता मागे कळवायचा. हे काम तिचंच. इतकी वर्षं इतरांच्या बाबतीत ते तिने न चुकता केलंय.

वाचनवेडीताई, पान ठेवलंय बरं का.

वाचनवेडी

ती कळवते की नाही कळवत?

घटिकापात्र

ते अजून ठरवते आहे. खोटी ओळ वाचून दाखवली तर? तिला मूळ ओळ माहीत नाही, पण अनुभवी आहे, अंदाजाने जुळवून सांगू शकते.

सानिका_क

आई गं. हे भारी आहे. खात्याच्या सगळ्या यंत्रणेत एकच कच्चा दुवा, आणि तो म्हणजे कारकून खरं सांगेल हा विश्वास.

बिनतारी

दाद म्हणून एक हरकत. ही रांगेची युक्ती एकच भेग असेल तोवरच चालते. दोन असल्या, आणि दुसरीने पहिलीची ओळ पुन्हा जुळवून टाकली, तर मधल्या चौक्या बिघडलेल्या आणि दोन्ही टोकांच्या ठणठणीत. टोकं ताडून बघणारा म्हणेल काही झालंच नाही.

प्रतिप्रश्न

आणि मधली तीन-चार शतकं बेवारस. शंकेखोर, तुमचे ६१४ ते ९११ मिळाले!

शंकेखोर

मी म्हणतच होतो.

घटिकापात्र

दोन भेगा पुढच्या कथेत. आता सगळ्यांनी जरा गप्प बसा, मला लिहू द्या.

खिडकीपाशी

पुढील भागाच्या प्रतीक्षेत.

नंतरचा_मी

पुढचा भाग पहिल्यापेक्षा जमलाय. फक्त चौकी क्रमांक सातचा गोंधळ निस्तरा, वाचकांनी तिथे फार पिडलं तुम्हाला.